द्राक्षबागेतलं गंधक, गाडीतली बॅटरी

प्रश्न : आमची तासगावजवळ द्राक्षबाग आहे. मुलाला विजेवरची गाडी घ्यायची आहे, मी म्हणतो जरा दम धर. पेपरात वाचलं की दोन-तीन वर्षांत ‘सॉलिड-स्टेट’ बॅटरी येणार, एकदा चार्ज केली की हजार किलोमीटर, तेही दहा मिनिटांत चार्ज. त्याच बातमीत होतं की टोयोटानं यासाठी इदेमित्सु नावाच्या पेट्रोल-डिझेलच्या कंपनीशी करार केलाय. गाड्या बनवणाऱ्यांना तेलवाल्यांची गरज का पडावी? एवढ्या बलाढ्य कंपन्यांना एक बॅटरी स्वतःची स्वतः करता येत नाही का? आणि आम्ही थांबावं की घ्यावी?
— एक बागायतदार, तासगाव

उत्तर : तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुमच्या औषधांच्या खोलीतच आहे. भुरी दिसली की बागेत गंधकाची धुरळणी करता ना, त्या पिवळ्या पोत्यापासूनच सुरुवात करू.

कच्च्या तेलात गंधक असतं. ते डिझेलमध्ये राहिलं तर धुरातून बाहेर पडून हवा नासवतं, म्हणून शुद्धीकरण कारखान्यात ते काढून घ्यावं लागतं. आपल्याकडे एप्रिल २०२० पासून बीएस-६ इंधन आलं, तेव्हा डिझेलमधल्या गंधकाची मर्यादा दहा लाख भागांत ५० वरून थेट १० वर आणली गेली. काढलेलं हे गंधक खतांना लागतं, गंधकाम्लाला लागतं, साखर कारखान्यांत उसाचा रस स्वच्छ करायला लागतं, आणि थोडंफार तुमच्यासारख्यांच्या बागेत येतं. आज जगात वापरलं जाणारं बहुतेक गंधक खाणीतलं नसतंच, तेल आणि वायू शुद्ध करताना मागे उरलेलं असतं.

इदेमित्सु कोसान ही जपानमधली मोठी तेलकंपनी. तिच्याकडेही असंच गंधक साठत होतं. त्याचं लिथियमशी लग्न लावून लिथियम सल्फाइड नावाची पांढरट भुकटी करण्याची रीत तिच्या लोकांनी बसवली आणि २००१ पासून त्या भुकटीतून बॅटरीसाठी घन इलेक्ट्रोलाइट तयार करण्यावर ते काम करत आहेत. टोयोटाचं स्वतःचं संशोधन २००६ पासूनचं. १२ ऑक्टोबर २०२३ ला दोघांनी करार जाहीर केला. २०२७-२८ मध्ये अशी बॅटरी असलेली गाडी बाजारात आणायची, असं त्यात ठरलं. पाठोपाठ इदेमित्सुनं चिबा इथल्या आपल्या संकुलात वर्षाला १,००० टन लिथियम सल्फाइडचा कारखाना उभारायचं ठरवलं. पेट्रोलचा खप पुढे घटणार, हे तेलवाल्यांना सगळ्यात आधी दिसतं. ज्याच्या अंगणात गंधकाची रास आहे, त्यानं या धंद्यात यावं यात मला मोठं शहाणपण दिसतं.

आता तुमचा दुसरा प्रश्न. तोच खरा मोलाचा आहे. त्यासाठी आजची बॅटरी आतून कशी असते ते आधी पाहू.

मागच्या उन्हाळ्यात आमच्या कोपऱ्यावरच्या मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात मी उभा होतो. दुकानातल्या मुलानं एका फोनचं मागचं झाकण प्लॅस्टिकच्या पातळ पट्टीनं अलगद सोडवलं, तर आतली चंदेरी पाकिटासारखी बॅटरी टम्म पुरीसारखी फुगलेली. तिच्या शिवणीतून गोडसर वास येत होता, नखांचं पॉलिश काढायच्या द्रावासारखा. त्यानं ती हलक्या हातानं उचलली आणि दाराबाहेर ठेवलेल्या वाळूच्या डब्यात पुरली. “साहेब, टोचली तर पेटेल,” इतकंच म्हणाला.

तो वास येत होता बॅटरीतल्या द्रवाचा. लिथियम-आयन बॅटरीत दोन बाजूंना दोन थर असतात. एक निकेल, कोबाल्ट किंवा लोह-फॉस्फेटचा, दुसरा ग्राफाइटचा. मध्ये बारीक छिद्रांचा पडदा आणि सगळीकडे भिजवून ठेवणारा द्रव, म्हणजे इलेक्ट्रोलाइट. चार्ज करताना लिथियमचे आयन या द्रवातून पोहत ग्राफाइटकडे जातात, गाडी चालताना परत येतात. हा द्रव जळाऊ असतो. बिघडला की वायू सोडतो, म्हणून बॅटरी फुगते. सोनी कंपनीनं १९९१ मध्ये ही बॅटरी बाजारात आणली तेव्हापासून मूळ बांधणी हीच आहे.

सॉलिड-स्टेट म्हणजे हा द्रव काढून त्या जागी आयनांना वाट देणारा घन पदार्थ बसवायचा. पण कंपन्या एवढा पैसा ओतताहेत तो फक्त आगीच्या भीतीनं नाही. मधला थर घन आणि चिवट असेल, तर ग्राफाइट काढून टाकून तिथे थेट लिथियम धातूच वापरता येईल, ही खरी ओढ आहे. एक ग्रॅम ग्राफाइट ३७२ मिलिअँपिअर-तास इतका विद्युतभार साठवतं, एक ग्रॅम लिथियम ३,८६० साठवतो. म्हणजे दहापट. बॅटरीत इतर सामान असतंच, त्यामुळे गाडी दहापट धावणार नाही. पण तेवढ्याच वजनात बरीच जास्त वीज मावेल, आणि हजार किलोमीटरसारख्या आकड्यांमागे ही आशाही असते.

घन बॅटरी ही कल्पना मात्र नवी नाही, आणि हे वाचून कदाचित आश्चर्य वाटेल. १९७२ पासून माणसांच्या छातीत बसवल्या जाणाऱ्या कित्येक पेसमेकरमध्ये लिथियम-आयोडीनची घन बॅटरीच असते. एक थेंब द्रव नाही, वर्षानुवर्षं चालते. मग तीच मोठी करून गाडीत का नाही बसवत? कारण हृदयाला ठोक्यापुरती वीज लागते, अँपिअरच्या लाखाव्या-दशलक्षाव्या हिश्श्यात मोजण्याइतकी. घाटात चढणाऱ्या गाडीला शेकडो अँपिअर लागतात. शिवाय पेसमेकरची बॅटरी एकदा संपली की संपली, ती परत चार्ज होत नाही.

परत चार्ज होणारी लिथियम धातूची बॅटरी करायचा प्रयत्न याआधीही झाला. कॅनडातल्या मोली एनर्जीनं १९८० च्या दशकात तशा बॅटऱ्या विकायला काढल्या. १९८९ मध्ये जपानमधल्या मोबाइल फोनांत त्या पेटू लागल्या आणि सगळ्या परत मागवाव्या लागल्या. झालं असं, की चार्ज होताना लिथियम सपाट थरात बसत नाही, त्याला बारीक काटे फुटतात. एखादा काटा पडदा भेदून पलीकडे पोहोचला की आतल्या आत शॉर्टसर्किट होतं.

मग सगळ्यांना वाटलं, मध्ये दगडासारखा कडक थर ठेवला की काटा अडेल. वर्षानुवर्षं घोडं अडलं होतं ते असा कडक पण आयनांना झरझर सोडणारा पदार्थ सापडत नव्हता म्हणून. २००७ मध्ये पाँडिचेरी विद्यापीठातले रामस्वामी मुरुगन, त्यांच्याबरोबर वेंकटरामन थंगदुराई आणि जर्मनीतले व्हर्नर वेप्नर यांनी गार्नेट कुळातलं एक सिरॅमिक शोधलं, जे लिथियम धातूला टेकूनही टिकतं. आज जगभरच्या प्रयोगशाळा त्याच्यामागे आहेत. या शोधात पाँडिचेरीचं नाव आहे, हे आपल्याकडच्या शाळांमध्ये सांगितलं गेलं पाहिजे असं मला मनापासून वाटतं. पुढे २०११ मध्ये टोकियोतले प्रा. रयोजी कान्नो यांच्या गटानं गंधकाचाच एक पदार्थ शोधला, ज्यातून नेहमीच्या तापमानाला आयन जवळजवळ द्रवातल्याइतक्याच वेगानं धावतात. त्या कामात टोयोटाचेही संशोधक होते.

म्हणजे सामान २०११ पासून हाताशी आहे. तरी गाडी दारात नाही. का?

भिंतीत पिंपळ उगवलेला पाहिलाय ना? वीट पिंपळाच्या मुळाहून कितीतरी कडक. पण गिलाव्याला केसभर चीर असली की मूळ तिच्यात शिरतं, जाड होतं, चीर रुंदावतं आणि पुढे सरकतं. लिथियम सिरॅमिकमध्ये हेच करतो. धातू म्हणून तो इतका मऊ, की सुरीनं कापता येतो. पण चार्जिंगचा जोर मागून असला की चिरेत शिरून ती पाचरीसारखी फोडतो. म्हणून कडकपणाचा फारसा उपयोग होत नाही, थरात चीरच असता कामा नये. आता हे सिरॅमिकचे थर डोळ्यांसमोर आणा. उन्हात कडकडीत वाळलेल्या उडदाच्या पापडासारखे ठिसूळ, पण जाडी माणसाच्या केसाच्या आसपास. एका सेलमध्ये असे अनेक थर, एका गाडीत हजारो सेल. प्रयोगशाळेत दहा पापड बिनचूक लाटणं आणि कारखान्यात रोज लाखो लाटणं यांत जो फरक, तोच या तंत्रज्ञानाचा आज सगळ्यात मोठा प्रश्न आहे.

गंधकाच्या भुकटीची तऱ्हा वेगळी. ती ठिसूळ नाही, दाबली की घट्ट बसते, हा तिचा मोठा गुण. पण हवेतली ओल तिला सोसत नाही. ओल लागली की हायड्रोजन सल्फाइड सुटतो, सडक्या अंड्याच्या वासाचा विषारी वायू. म्हणून कारखान्यात हवा इतकी कोरडी ठेवतात, की उणे ४० अंशांपर्यंत थंड केली तरी दव पडू नये. पहाटेच्या दवानं बागेवर काय संकट येतं हे जाणणाऱ्या माणसाला हे वेगळं समजावायला नको.

आणखी एक अडचण आहे, माझ्या मते सगळ्यात रंजक. ही बॅटरी श्वास घेते. चार्ज होताना लिथियमचा थर जाड होतो, वापरताना पातळ होतो, आणि सेल त्याबरोबर फुगतो-आटतो. द्रव असता तर त्यानं पसरून प्रत्येक फट भरून काढली असती. घन पदार्थाला ते जमत नाही. थर एकमेकांपासून जराही सुटले की तिथला रस्ता बंद. म्हणून सगळ्यांना सतत दाबून धरावं लागतं. पण असं दाबावं, की फुगायलाही जागा राहील.

आता गाडीवाले आणि बॅटरीवाले एकत्र का येतात ते लक्षात येईल. सेल बनवणाऱ्याला सेलची रसायनं कळतात, पण सेलला दाबून धरणारी पेटी बसवायची असते गाडीच्या सांगाड्यात, आणि तो गाडीवाल्याच्या हातात असतो. मर्सिडीज-बेंझनं अमेरिकेतल्या फॅक्टोरियल कंपनीचे सेल घेतले आणि त्यांच्यासाठी बॅटरीच्या पेटीत तरंगती बैठक केली. सेल फुगले-आटले तसे हवेच्या दाबावर चालणारे भाते त्यांच्याबरोबर मागेपुढे सरकतात. हे काम केलं मर्सिडीजच्या इंग्लंडमधल्या त्या शाखेनं, जी फॉर्म्युला वन शर्यतीची इंजिनं बनवते. ऑगस्ट २०२५ मध्ये अशी बॅटरी घेऊन त्यांची ईक्यूएस गाडी जर्मनीतल्या श्टुटगार्टहून स्वीडनमधल्या माल्मोपर्यंत १,२०५ किलोमीटर गेली, वाटेत एकदाही चार्ज न करता. पोहोचल्यावर आणखी १३७ किलोमीटरची वीज शिल्लक होती. लहानशा बॅटरी कंपनीला हे भाते एकटीनं सुचले नसते, आणि मर्सिडीजला तो सेल जमला नसता.

फोक्सवॅगन आणि क्वांटमस्केप यांचं नातं याहून जुनं आहे, २०१२ पासूनचं. क्वांटमस्केप २०१० मध्ये कॅलिफोर्नियात सुरू झाली, तिचा सगळा जोर त्या सिरॅमिकच्या पापडावर. फोक्सवॅगननं तिच्यात कोट्यवधी डॉलर घातले आणि २०१८ मध्ये जाहीर केलं, की २०२५ पर्यंत उत्पादनाची लाइन उभी करू. ते साधलं नाही. पण नातं तुटलं नाही, त्याचं रूप बदललं. आधी दोघांचा एकत्र कारखाना काढायचा बेत होता. जुलै २०२४ च्या करारात ठरलं, की क्वांटमस्केप फक्त तंत्र देईल आणि फोक्सवॅगनची बॅटरी कंपनी पॉवरको स्वतः सेल बनवेल, वर्षाला ४ कोटी युनिट विजेच्या क्षमतेइतके, पुढे ८ कोटींपर्यंत. ८ कोटी म्हणजे साधारण दहा लाख गाड्या. त्याआधी पॉवरकोनं क्वांटमस्केपचे सेल आपल्या प्रयोगशाळेत कसून तपासले होते. हजारावर वेळा चार्ज करूनही ९५ टक्के क्षमता उरली, असं त्यांनी जानेवारी २०२४ मध्ये सांगितलं. विकणाऱ्यानं स्वतः सांगितलेल्या आकड्यापेक्षा घेणाऱ्यानं तपासून सांगितलेल्या आकड्याला मी जास्त वजन देतो. सप्टेंबर २०२५ मध्ये म्युनिकच्या प्रदर्शनात क्वांटमस्केपच्या सेलवर डुकाटीची मोटारसायकल चालवून दाखवण्यात आली. आणि पापड भाजायच्या कामी आता फोनच्या काचा बनवणारी कॉर्निंग आणि सिरॅमिकचे बारीक भाग बनवण्यात मुरलेली जपानची मुराटा, याही आल्या आहेत. काच आणि सिरॅमिक पातळ, एकसारखं आणि लाखांनी कसं काढायचं हे ज्यांच्या हाताला ठाऊक आहे, त्यांनाच बोलावलं गेलं.

कामाची सगळ्यात स्वच्छ वाटणी मला बीएमडब्ल्यूच्या गोटात दिसते. कोलोरॅडोची सॉलिड पॉवर गंधकाची भुकटी देणार, कोरियाची सॅमसंग एसडीआय तिच्यापासून सेल करणार, बीएमडब्ल्यू ते गाडीत बसवणार, असं ऑक्टोबर २०२५ मध्ये ठरलं. द्राक्षाचं बघा ना, रोपवाटिका एकाची, बाग दुसऱ्याची, शीतगृह तिसऱ्याचं. होंडा आणि निस्सान मात्र जपानमध्ये आपापल्या प्रायोगिक लाइन उभ्या करून बरंचसं काम घरीच करताहेत.

वाटेत बरेच जण गळाले, तेही सांगायला हवं. व्हॅक्यूम क्लीनरवाल्या डायसननं २०१५ मध्ये अशी एक कंपनी ९ कोटी डॉलरला घेतली आणि २०१९ मध्ये स्वतःची विजेवरची गाडी काढायचा बेतच रद्द केला. गाड्या बनवणाऱ्या फिस्करनं २०१७-१८ मध्ये मोठमोठे दावे केले आणि २०२१ मध्ये नाद सोडला. टोयोटानंही २०१७ मध्ये २०२० च्या दशकाच्या सुरुवातीचा वायदा केला होता. आज तो २०२७-२८ वर आहे. म्हणून अशी बातमी वाचताना मी तारखेकडे कमी बघतो आणि कोणी कोणाला काय सोपवलं याकडे जास्त. नुसता ‘सामंजस्य करार’ असेल तर पान उलटावं. गंधकाचा कारखाना बांधायला कोणी स्वतःचे पैसे घातले असतील, रॉयल्टीची रक्कम आगाऊ मोजली असेल, तर ती बातमी नीट वाचावी.

आता तुमच्या घरातला वाद. मुलाला गाडी घेऊ द्या.

या बॅटऱ्या आधी महागड्या गाड्यांत आणि थोड्या संख्येनं येणार, हे सगळ्याच कंपन्यांच्या योजनांवरून दिसतं. आपल्या खिशाला परवडणाऱ्या गाडीत त्या कधी येतील याची कोणी हमी घेतलेली नाही. दरम्यान लोह-फॉस्फेटच्या बॅटऱ्या पुष्कळ सुधारल्या आहेत, त्या उष्णता बऱ्यापैकी सोसतात आणि आठ वर्षांची वॉरंटी सर्रास मिळते. तुमचं जाणं-येणं बहुधा सांगली, मिरज, कधी कराड, महिना-दोन महिन्यांनी पुणं. त्यासाठी हजार किलोमीटरची बॅटरी ओढत नेणं म्हणजे दोन पेट्यांसाठी ट्रक जोडण्यासारखं आहे.

दहा मिनिटांच्या चार्जिंगचाही जरा हिशेब करू. ८० युनिटची बॅटरी १० टक्क्यांपासून ८० टक्क्यांपर्यंत भरायची म्हणजे ५६ युनिट. ते दहा मिनिटांत ओतायचे तर साधारण ३३६ किलोवॉटचा जोर लागतो. म्हणजे पाच हॉर्सपॉवरच्या नव्वद मोटारी एकदम सुरू करण्याइतका. शेताजवळची १०० केव्हीएची डीपी डोळ्यांसमोर आणा, तशा चार लागतील, एका गाडीसाठी. बॅटरी तयार झाली तरी रस्त्याकडेचा चार्जर आणि त्याच्यामागची लाइन तयार व्हावी लागेल, आणि ते काम ना टोयोटाचं, ना इदेमित्सुचं. घरी रात्री सावकाश चार्ज करायला साधी लाइन पुरते.

प्रश्न : सॉलिड-स्टेट बॅटरीला आग लागूच शकत नाही, असं आमच्या सरांनी सांगितलं. हे खरं का? आणि ‘सेमी-सॉलिड’ म्हणजे काय?
— अभियांत्रिकीची विद्यार्थिनी, पुणे

उत्तर : धोका बराच कमी होतो, ‘लागूच शकत नाही’ असं म्हणणं मात्र बरोबर नाही. पॅरिसमध्ये २०११ ते २०१८ पर्यंत ‘ऑटोलिब’ या भाड्याच्या छोट्या विजेच्या गाड्या धावत. त्यांच्यात बोलोरे समूहाची, घन पॉलिमर आणि लिथियम धातूची बॅटरी होती. म्हणजे घन बॅटरीच्या गाड्या रस्त्यावर येऊन गेल्या आहेत. तो पॉलिमर काम करायला साधारण ६० ते ८० अंश तापमान मागतो, म्हणून उभी असतानाही बॅटरी गरम ठेवावी लागे. त्याच समूहाच्या बसमध्येही तशीच बॅटरी होती. एप्रिल २०२२ मध्ये पॅरिसमध्ये अशा दोन बस जळाल्या आणि वाहतूक संस्थेनं १४९ बस तात्पुरत्या रस्त्यावरून काढल्या. सुदैवानं कोणाला इजा झाली नाही. लिथियम १८० अंशांना वितळतो. मधला थर कितीही घन असला, तरी वितळलेला लिथियम आणि त्याच्याशी झटणारी इतर रसायनं आतच असतात.

सेमी-सॉलिड म्हणजे मधला थर बराचसा घन किंवा जेलसारखा, पण थोडा द्रव ठेवलेला. तो द्रव फटी भरतो, म्हणून सेल बनवायला सोपा जातो. चीनमध्ये हे आधीच रस्त्यावर आलं आहे. डिसेंबर २०२३ मध्ये निओ या गाड्या बनवणाऱ्या कंपनीचे प्रमुख विल्यम ली यांनी १५० युनिटची अशी बॅटरी असलेली गाडी स्वतः चालवत १,०४४ किलोमीटरचं अंतर थेट प्रक्षेपण करत कापलं. तिचे सेल बीजिंगच्या वीलायन कंपनीचे होते. २०२५ च्या एमजी ४ या गाडीतल्या बॅटरीत द्रव ५ टक्के असल्याचं कंपनी सांगते. मर्सिडीजच्या ज्या गाडीबद्दल वर लिहिलं, तिच्या सेलनाही फॅक्टोरियल स्वतः पूर्ण घन म्हणत नाही. यात लाज वाटण्यासारखं काही नाही, ती एक चांगली पायरी आहे. पण सगळ्यालाच ‘सॉलिड’ म्हणून विकलं जाऊ लागल्यामुळे चीनमध्ये व्याख्या ठरवण्याचं काम हाती घेतलं गेलं. त्यातली कसोटी घरगुती वाटावी इतकी साधी आहे : सेलमधला माल निर्वात पेटीत तापवायचा आणि वजन किती घटतं ते पाहायचं. जेवढं घटलं, तेवढा आत द्रव होता. तुमच्या प्रयोगशाळेत पाहुणे व्याख्याते आले तर त्यांना हाच प्रश्न विचारा : तापवल्यावर वजन किती टक्के घटतं?